जहाज रिकामे झाले. टोळीची मजुरी कोणी द्यायची?

पाटगावकर | ११ जानेवारी २०२६

नमस्कार. बंदर कोकणात, रत्नागिरी जिल्ह्यात असल्यामुळे हा विषय कोल्हापूरचा वाटणार नाही, पण माणसे आपल्या भुदरगड तालुक्यातली आहेत आणि त्यांचे पैसे अडकून आता दहा महिने होत आले आहेत, म्हणून इथे धागा काढतो आहे.

माझ्या चुलत भावासह, मुकादम धरून चौदा जणांची एक टोळी गेल्या वर्षी १ फेब्रुवारी ते २२ मार्च असे पन्नास दिवस एका खासगी बंदरावर खताच्या जहाजांवर कामाला होती. जहाजातला सुटा युरिया ग्रॅबने वर येऊन हॉपरमध्ये पडायचा, तिथे ४५ किलोची पोती भरायची, शिवायची आणि धक्क्यावर उभ्या असलेल्या ट्रकमध्ये थप्पी लावायची, असे कामाचे स्वरूप होते. मजुरी टोळीच्या नावाने टनाला ९२ रुपये ठरली होती. पहिल्या जहाजाचे २,१५० टन या टोळीने उचलले आणि त्याचा टनेजचा अखेरचा हिशोब २४ फेब्रुवारीला झाला. दुसऱ्या जहाजाचे २,७०० टन झाले आणि तो हिशोब २२ मार्चला, म्हणजे निघायच्या दिवशीच झाला. एकूण ४,४६,२०० रुपये होतात. उचल आणि आठवड्याची खर्ची मिळून १,६०,००० रुपये हातात आले. राहिलेले २,८६,२०० रुपये, म्हणजे माणशी वीस हजारांच्या वर, अजून मिळालेले नाहीत.

मुकादम आमच्याच गावचा आहे. त्याला काम दिले एका मजूर कंत्राटदाराने, कंत्राटदाराला दिले जहाज उतरवण्याचा ठेका घेतलेल्या स्टीव्हडोर कंपनीने, आणि ती कंपनी काम करते बंदराच्या मालक कंपनीच्या धक्क्यावर. कंत्राटदार म्हणतो की वरून बिल निघालेले नाही. स्टीव्हडोर कंपनी म्हणते की आम्ही कंत्राटदाराशी बांधील आहोत, टोळीला ओळखत नाही. बंदरवाले म्हणतात की आम्ही फक्त धक्का आणि क्रेन देतो. गावात मात्र टोळीतल्या काही जणांनी मुकादमाचा ट्रॅक्टर आणून एकाच्या परड्यात लावला आहे, पैसे मिळेपर्यंत सोडायचा नाही म्हणून. मुकादमाची बायको आमच्या भावकीतली असल्याने घरात रोज वाद आहे.

पुरावा म्हणाल तर मुकादमाची वही आहे. शर्टाच्या खिशात मावेल एवढी ही वही पोत्याच्या आतल्या प्लॅस्टिकमध्ये गुंडाळून ठेवलेली आहे. प्रत्येक पानावर तारीख, पाळी, ट्रकचा क्रमांक आणि त्याखाली पोत्यांच्या खुणा आहेत, चार उभ्या रेघा आणि पाचवी त्यांना छेदणारी. काही पाने घामाने फुगली आहेत, पण दिवसाची बेरीज वाचता येते.

कायद्याने हे देणे नेमके कोणाचे आहे, हे जाणकारांनी सांगावे.

कागलकर | ११ जानेवारी २०२६

माझ्या मते पोलिसांत फसवणुकीची तक्रार द्यावी आणि गारगोटीच्या दिवाणी न्यायालयात वसुलीचा दावा लावावा. मुकादम गावातच आहे, त्यामुळे नोटीस बजावणे सोपे जाईल. कंपनीच्या मागे लागण्यात आयुष्य जाईल.

शाहूपुरीचा वकील | ११ जानेवारी २०२६

कागलकर, तुमचा हेतू चांगला आहे, पण दोन्ही वाटा चुकीच्या आहेत. वेतन प्रदान अधिनियम, १९३६ च्या कलम २२ प्रमाणे, जी रक्कम त्या अधिनियमाखालच्या प्राधिकाऱ्याकडे (वेतनाचे दावे ऐकणाऱ्या अधिकाऱ्याकडे) मागता येते तिच्यासाठी दिवाणी दावा चालत नाही. दावा दाखल होईल, दोन वर्षे तारखा पडतील आणि मग तो याच मुद्द्यावर काढून टाकला जाईल. तोवर खरी मुदत संपलेली असेल. पोलीस ठाण्यात हे प्रकरण पैशाच्या देण्याघेण्याचे आहे असे सांगून परत पाठवतील, आणि या बाबतीत त्यांना दोष देता येणार नाही.

आता मुदतीकडे वळतो, कारण पाटगावकरांच्या प्रश्नात तीच सर्वांत तातडीची गोष्ट आहे. १९३६ च्या अधिनियमाने गोदी, धक्का आणि जेटी यांचा स्पष्ट उल्लेख करून त्यांना आपल्या कक्षेत घेतले आहे. एवढेच नव्हे, तर कलम ५ मध्ये गोदीवरच्या माणसांसाठी वेगळी तरतूद आहे: जहाज किंवा वाघिणी भरण्या-उतरवण्याचा टनेजचा अखेरचा हिशोब पुरा झाल्यापासून सात दिवसांच्या आत मजुरीची बाकी दिली पाहिजे. कायदा करणाऱ्यांना तेव्हाही ठाऊक होते की गोदीतली मजुरी महिन्यावर नव्हे तर जहाजावर चालते. त्या हिशोबाने पहिल्या जहाजाची बाकी ३ मार्च २०२५ पर्यंत आणि दुसऱ्याची २९ मार्चपर्यंत मिळायला हवी होती. १९३६ च्या अधिनियमात अर्जाची मुदत बारा महिन्यांची आहे. म्हणजे पहिल्या जहाजासाठी तुमच्याकडे जेमतेम सात आठवडे उरले आहेत. उशिराचे सबळ कारण दाखवल्यास विलंब माफ होऊ शकतो, पण हातात मुदत असताना माफीच्या भरवशावर बसू नये.

देणे कोणाचे याचे उत्तर थोडक्यात असे: पहिली जबाबदारी कंत्राटदाराची आणि त्याने दिले नाहीत तर त्याच्या वरच्या मालकाची. 'वरून बिल निघाले नाही' हा कंत्राटदार आणि कंपनी यांच्यातला मामला आहे. तो मजुराला दिलेला जबाब होऊ शकत नाही. सविस्तर उद्या लिहितो. तोवर दोन गोष्टी शोधून ठेवा. बंदरात शिरण्याचे पास कोणाच्या नावाने निघाले होते, आणि खर्ची वाटताना कंपनीचा कोणी माणूस हजर असे का?

गूळबाजार | १२ जानेवारी २०२६

मी शाहू मार्केट यार्डात आडत चालवतो, त्यामुळे मालक बाजूचा माणूस म्हणून लिहितो. आमच्याकडे हमाल आणि तोलाईवाल्यांचा असा प्रश्न सहसा उभा राहत नाही, कारण १९६९ च्या महाराष्ट्र माथाडी, हमाल व इतर श्रमजीवी कामगार अधिनियमाखाली नोंदणी झालेल्या मालकाला मजुरी आणि तिच्यावरची लेव्ही माथाडी मंडळाकडे भरावी लागते आणि मंडळ ती कामगाराच्या खात्यावर टाकते. गुळाचे रवे कोणी उतरवले, किती उतरवले, याचा कागद त्याच दिवशी होतो. लेव्ही जाचक वाटते अशी कुरकूर आम्ही व्यापारी करतो, मीही करतो, पण हमालाला माझ्या दारात येऊन पैसे मागावे लागत नाहीत हे खरे आहे. आणि मालकाने थकवले तर ती रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल होऊ शकते, म्हणून थकवण्याची हिंमतही कमी होते. अण्णासाहेब पाटलांनी मुंबईच्या बाजारपेठांत माथाड्यांना संघटित करून हा कायदा पदरात पाडून घेतला. त्याआधी आमच्या आजोबांच्या काळात मुकादमच सारे काही असे.

पाटगावकरांच्या टोळीला या मंडळाचा आधार मिळू शकेल काय?

जुनी गोदी | १२ जानेवारी २०२६

गूळबाजार यांनी मुकादमाचा विषय काढला म्हणून लिहितो. माझे वडील आजरा तालुक्यातून मुंबईला गेले आणि इंदिरा गोदीत नोंदणीकृत कामगार म्हणून निवृत्त झाले. त्यांच्या आधीच्या पिढीत टोळीवाला नावाचा माणूस गोदीच्या फाटकावर उभा राहून माणसे निवडत असे आणि मजुरीही त्याच्याच हातून मिळत असे. किती कापून मिळेल हे त्याच्या मर्जीवर. त्यावर उपाय म्हणून १९४८ मध्ये गोदी कामगार (रोजगार नियमन) अधिनियम झाला. पुढे मुंबईसाठी १९५६ ची योजना आली आणि गोदी कामगार मंडळाकडे नोंदणी, पाळीपाळीने कामाचे वाटप आणि मजुरीचा हिशोब गेला. काम नसलेल्या दिवशी हजेरी लावली तरी काही पैसे मिळत, याचे वडिलांना शेवटपर्यंत अप्रूप होते.

मग मंडळच आमचे मालक आहे, असे कामगारांना वाटू लागले. पण विशाखापट्टणमच्या गोदी कामगार मंडळाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९७० मध्ये सांगितले की मंडळ मालक नाही. ज्या नोंदणीकृत स्टीव्हडोरकडे कामगार पाठवले जातात तो स्टीव्हडोर मालक. तो वाद बोनसचा होता, मजुरीचा नव्हता, तरी प्रश्न हाच होता की मधल्या व्यवस्थेमागे खरा मालक कोण. आज खासगी बंदरावर मंडळ नाही, पण जहाज उतरवून पैसे कमावणारा स्टीव्हडोर तर आहेच. त्याला 'मी टोळीला ओळखत नाही' असे म्हणता येते, याचे आश्चर्य वाटते.

पाटगावकर | १२ जानेवारी २०२६

वकीलसाहेब, भावाला फोन केला. पास त्याच्याकडे अजून आहे. लॅमिनेट केलेले कार्ड आहे, पुढे त्याचा फोटो आणि कंत्राटदाराचे नाव, आणि मागे स्टीव्हडोर कंपनीचा शिक्का व कोणाची तरी सही. दर शनिवारी खर्ची वाटताना कंपनीचे हेल्मेट घातलेला एक सुपरवायझर उभा असे आणि कागदावर सही करत असे, असे तिघेजण सांगतात. तो कागद मात्र यांच्यापैकी कोणाकडे नाही.

आणखी एक गोष्ट कळली. खर्चीतून प्रवासाचे पैसेही कापले गेले होते. गारगोटीहून बंदरापर्यंत गाडी करून नेले, त्याचे माणशी ६०० रुपये उचलीत धरले.

औद्योगिक वसाहत | १३ जानेवारी २०२६

मी गोकुळ शिरगावच्या एका कारखान्यात मनुष्यबळ विभागात काम करतो. कंपन्यांची बाजू कोणी तरी मांडायला हवी म्हणून चार मुद्दे लिहितो, गैरसमज नसावा.

पहिला असा की २१ नोव्हेंबर २०२५ पासून जुन्या कामगार कायद्यांच्या जागी आणलेल्या चारही कामगार संहिता लागू झाल्या आहेत, त्यामुळे १९३६ च्या अधिनियमावर आज चर्चा करण्यात अर्थ काय? दुसरा, १९७० चा कंत्राटी कामगार अधिनियम लागू होण्यासाठी महाराष्ट्राने कामगारसंख्येची मर्यादा २० वरून ५० केली होती, आणि टोळी चौदा जणांची आहे. तिसरा, १९३६ चा अधिनियम महिना २४,००० रुपयांपर्यंत वेतन असणाऱ्यांनाच लागू होता. माणशी बत्तीस हजारांच्या आसपास मजुरी निघते, मग तो कसा लागू होईल? आणि चौथा म्हणजे, स्टीव्हडोरने कंत्राटदाराला पूर्ण पैसे दिले असतील तर त्याने दुसऱ्यांदा का द्यावेत?

शाहूपुरीचा वकील | १३ जानेवारी २०२६

मुद्दे नेमके आहेत आणि समोरचा वकील हेच मांडणार आहे, त्यामुळे धागा योग्य दिशेने चालला आहे.

वेतनमर्यादेचा हिशोब आधी उरकतो. मर्यादा महिन्याच्या सरासरीवर पाहतात. ४,४६,२०० रुपये चौदा जणांत वाटले तर माणशी सुमारे ३१,८७० येतात, पण ते पन्नास दिवसांचे आहेत; तीस दिवसांचे साधारण १९,१०० होतात. मर्यादा ओलांडलेली नाही.

संहितांविषयी. काम झाले, हिशोब झाला आणि मजुरी देय झाली ते सारे मार्च २०२५ पर्यंत, म्हणजे जुने अधिनियम अस्तित्वात असताना. कायदा रद्द झाल्याने त्याखाली आधीच उत्पन्न झालेला हक्क बुडत नाही. १८९७ च्या सामान्य खंड अधिनियमाचे (जनरल क्लॉजेस ॲक्ट) कलम ६ यासाठीच आहे. चार संहितांपैकी वेतन संहितेत अर्जाची मुदत तीन वर्षांची केली आहे, आणि ती या टोळीला मिळते असा युक्तिवाद मी आनंदाने करीन. पण तो करण्याची वेळच येऊ नये म्हणून ३ मार्चच्या आत अर्ज द्या आणि त्यात दोन्ही कायद्यांचा उल्लेख करा. संहितेचा आणखी एक उपयोग आहे. तिच्या कलम ४३ मध्ये म्हटले आहे की मालकाने देणे दिले नाही तर ज्या आस्थापनेत कामगार काम करतो तिची मालक असलेली कंपनी, फर्म किंवा व्यक्ती त्याला जबाबदार राहील, आणि कलम ५९ प्रमाणे देणे दिले आहे हे सिद्ध करण्याचा भार मालकावर आहे. नव्या कायद्यातही ओझे वरच जाते, हे प्राधिकाऱ्यांच्या नजरेस आणून द्यायला हरकत नाही.

आता पन्नासची मर्यादा. ती मोजताना एकेक टोळी मोजत नाहीत. कंत्राटदाराच्या बाजूने पाहायचे तर मागच्या बारा महिन्यांत कोणत्याही एका दिवशी त्याच्याकडे एकूण किती कामगार होते ते पाहतात, आणि आस्थापनेच्या बाजूने पाहायचे तर तिथे कंत्राटी म्हणून एकूण किती होते ते. पाटगावकर, त्या धक्क्यावर अशा किती टोळ्या होत्या ते विचारा. एका जहाजावर चौदा माणसांनी भागत नाही हे मला न विचारताही कळते. ती संख्या सिद्ध झाली की १९७० च्या अधिनियमाचे कलम २१ आपोआप पुढे येते. त्याचे चौथे उपकलम मला तरी संपूर्ण कामगार कायद्यातले सर्वांत स्वच्छ वाक्य वाटते: कंत्राटदाराने मुदतीत वेतन दिले नाही किंवा कमी दिले, तर प्रमुख नियोक्त्याने (ज्याच्यासाठी कंत्राटदार काम करून घेतो त्या मालकाने) ते पूर्ण किंवा उरलेले वेतन कामगाराला द्यावे आणि कंत्राटदाराकडून वसूल करून घ्यावे. औद्योगिक वसाहत यांच्या चौथ्या प्रश्नाचे उत्तर यातच आहे. दुसऱ्यांदा द्यावे लागले तर ते कंत्राटदाराच्या बिलातून कापायचे किंवा कर्ज म्हणून वसूल करायचे. कंत्राटदार निवडला कंपनीने, त्यामुळे तो बुडवा निघाला तर त्याचा फटका कायद्याने तिच्यावर टाकला आहे.

शिवाय त्याच कलमाने प्रमुख नियोक्त्याला वेतनवाटपाच्या वेळी आपला प्रतिनिधी हजर ठेवून वाटपाचा दाखला द्यायला लावले आहे. पाटगावकर, तुमच्या भावाने पाहिलेला हेल्मेटवाला सुपरवायझर यासाठीच उभा होता. कंपनीने दर शनिवारी माणूस पाठवला म्हणजे आपण प्रमुख नियोक्ता आहोत हे तिने स्वतःच मान्य केले होते. तो कागद, म्हणजे वेतनपत्रक, तुमच्याकडे नसला तरी चालेल. ते हजर करण्याचा हुकूम मागा. हजर केले तर त्यावर सही दिसेल, आणि नाही केले तर प्राधिकारी त्यातून काय समजायचे ते समजतील.

आणि समजा, पन्नासची संख्या सिद्ध झालीच नाही. तरीही १९३६ च्या अधिनियमात २००५ च्या दुरुस्तीने कलम ३ मध्ये घातलेली तरतूद राहते: कंत्राटदाराने वेतन दिले नाही तर ते देण्याची जबाबदारी मालकाची. तिथे चौदा आणि पन्नास असा भेद नाही. यातला 'मालक' म्हणजे कंत्राटदारच, असे समोरून म्हटले जाईल; पण तसा अर्थ लावला तर कंत्राटदाराने चुकवले की कंत्राटदार जबाबदार, असे हास्यास्पद वाक्य तयार होते, आणि विधिमंडळे कितीही गोंधळ घालत असली तरी इतका घालत नाहीत.

प्रवासाच्या ६०० रुपयांबद्दल: कामावर येण्याआधी दिलेली उचल कापता येते, पण प्रवासखर्चासाठी दिलेली उचल कापता येत नाही, असे कलम १२ मध्ये स्वच्छ म्हटले आहे. चौदा जणांचे ८,४०० रुपये मागणीत वेगळे दाखवा. ही कपात आहे, निव्वळ उशीर नव्हे, आणि हा फरक महत्त्वाचा आहे: बेकायदा कपातीसाठी भरपाई रकमेच्या दहापटीपर्यंत मिळू शकते, तर उशिरासाठी ती १,५०० ते ३,००० रुपयांतच अडकते.

गूळबाजार यांच्या प्रश्नाला उत्तर: माथाडी अधिनियमाच्या अनुसूचीत गोदीतल्या काही कामांचा समावेश आहे, परंतु मंडळाची योजना लागू असून मालक आणि कामगार दोघांची नोंदणी झालेली असेल तरच मंडळातून पैसे येतात. इथे दोन्ही नाही. जुनी गोदी यांनी सांगितलेला निकाल मात्र मी अर्जाबरोबर जोडीन. त्याच्या जोडीला १९७८ चा हुसेनभाई खटल्याचा न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांचा निकाल जोडतात: मधे कितीही कंत्राटदार उभे केले, तरी कामगाराच्या पोटावर ज्याचे आर्थिक नियंत्रण आहे तो खरा मालक, असा त्याचा आशय आहे.

रंकाळ्याकाठचा | १४ जानेवारी २०२६

मजुरीसाठी जहाजच अडकवता येते असे वाचले होते. खलाशांच्या थकलेल्या पगारासाठी उच्च न्यायालयाने जहाजे अटकेत ठेवल्याच्या बातम्या येत असतात. मग या टोळीला ती वाट का नाही?

शाहूपुरीचा वकील | १४ जानेवारी २०२६

कारण तो हक्क जहाजावर नोकरीला असलेल्यांचा आहे. २०१७ च्या नौअधिकारिता अधिनियमात कप्तान, अधिकारी आणि खलाशी यांच्या वेतनासाठी जहाजावर बोजा चढतो, आणि तो जहाज विकले गेले तरी त्याच्या मागे जातो. धक्क्यावर पोती शिवणारा मजूर खलाशी नाही. स्टीव्हडोर कंपनीचे स्वतःचे बिल जहाजमालकाकडून थकले तर सेवेची किंमत म्हणून तिला तो दरवाजा ठोठावता येईल, पण टोळीला नाही. शिवाय ती जहाजे मार्चमध्येच निघून गेली.

औद्योगिक वसाहत | १४ जानेवारी २०२६

कलम २१ बद्दल मान्य. पण प्रमुख नियोक्ता कोण, स्टीव्हडोर की बंदर, हा प्रश्न तुम्ही टाळलात असे वाटते.

शाहूपुरीचा वकील | १५ जानेवारी २०२६

टाळला नव्हता, राखून ठेवला होता. कारखाना वगैरे सोडून इतर आस्थापनांत प्रमुख नियोक्ता म्हणजे आस्थापनेची देखरेख आणि नियंत्रण ज्याच्याकडे आहे ती व्यक्ती. आणि आस्थापना म्हणजे केवळ इमारत नव्हे; जिथे धंदा चालतो ती कोणतीही जागा. हॉपर कोणाचा, पाळी कोण लावत होते, ट्रक कोण आत सोडत होते, काम थांबवण्याचा हुकूम कोण देत होते, या प्रश्नांची उत्तरे स्टीव्हडोरकडे बोट दाखवत असतील तर धक्क्यावरचा तो पट्टा ही स्टीव्हडोरची आस्थापना आहे आणि तोच प्रमुख नियोक्ता. पासवरचा शिक्काही तेच सांगतो. बंदराच्या कंपनीला मी तरीही सामनेवाला (प्रतिवादी) करीन, कारण फाटकावरची नोंदवही, वजनकाट्याच्या पावत्या आणि ट्रकच्या नोंदी तिच्याकडे आहेत. मुकादमाच्या वहीतले ट्रक क्रमांक त्या पावत्यांशी जुळले, तर चार रेघा आणि पाचवी आडवी ही खूण कोणत्याही छापील बिलाइतकी भक्कम होते.

एक इशारा देऊन ठेवतो. या अर्जात आम्हाला कंपनीत कायम करा अशी मागणी घुसडू नका. पोलाद प्राधिकरण (सेल) विरुद्ध राष्ट्रीय वॉटरफ्रंट कामगार संघटना या खटल्यात २००१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की कंत्राटी पद्धत बंद झाली तरी कामगार आपोआप कायम होत नाहीत. मजुरीचा प्रश्न त्याहून पुष्कळ सोपा आहे. तो अवघड करून घेऊ नका.

अर्ज कुठे करायचा? काम झाले त्या जिल्ह्यात, म्हणजे रत्नागिरीकडे जावे लागेल. सगळ्यांनी जायची गरज नाही; एकाच थकलेल्या गटातल्या कितीही कामगारांचा एक अर्ज चालतो, अशी कलम १६ मध्ये सोय आहे. कंत्राटदार मालमत्ता विकून टाकील अशी भीती असेल तर कलम १७-अ खाली आधीच जप्ती मागता येते. त्यांनी अपील केले तर आधी हुकुमाची रक्कम भरावी लागते. आणि प्रकरण पुढे रिट याचिकेत गेलेच, तर रत्नागिरी जिल्हा गेल्या ऑगस्टपासून उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचकडे आहे, म्हणजे मुंबईची फेरी वाचेल. वकिलाची फी परवडत नसल्यास जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. १९८७ च्या अधिनियमात मोफत साहाय्य मिळणाऱ्यांत औद्योगिक कामगाराचा उल्लेख आहे.

कागलकर | १५ जानेवारी २०२६

माझा आधीचा सल्ला मागे घेतो. पण मुकादमाचे काय? तो पूर्ण सुटला का?

पाटगावकर | १५ जानेवारी २०२६

हाच प्रश्न काल रात्री आमच्या सोप्यात झाला. मुकादमाला कंत्राटदाराने टनामागे दोन रुपये वेगळे कबूल केले होते, असे त्याने स्वतःच सांगितले. त्यावर दोघेजण उसळले, की मग तूही कंत्राटदारच. पण पन्नासही दिवस तो यांच्याबरोबर पोती उचलत होता, आणि उचलीच्या कागदावर त्याचा अंगठा असल्याने कंत्राटदार त्यालाच फोन करून, वर तक्रार घेऊन गेलास तर उचल परत मागतो, असे धमकावतो आहे.

शाहूपुरीचा वकील | १६ जानेवारी २०२६

१९७० च्या अधिनियमात कंत्राटदार या शब्दात उपकंत्राटदारही येतो, त्यामुळे उसळणाऱ्यांचे म्हणणे अगदीच निराधार नाही. परंतु स्वतः घाम गाळणारा, मजुरीचा समान वाटा घेणारा, माणसांना कामावर ठेवण्या-काढण्याचा अधिकार नसलेला माणूस टोळीचा म्होरक्या असतो. टनामागचे दोन रुपये हा हिशोब ठेवल्याचा मेहनताना आहे, असे मी मांडीन. आणि व्यवहाराचे बोलायचे तर वही त्याच्याकडे आहे. त्याला सामनेवाला केलात तर तो वहीसकट कंत्राटदाराच्या बाजूला जाईल. त्याला चौदावा अर्जदार करा. ट्रॅक्टर आजच परत द्या, कारण तो अडवून ठेवणे हा उलट तुमच्यावरच गुन्हा होऊ शकतो.

गूळबाजार | १६ जानेवारी २०२६

हे पटले. आमच्याकडेही हिशोबाची वही ज्याच्या खिशात त्याला आधी चहा पाजतात.

पाटगावकर | २४ फेब्रुवारी २०२६

सर्वांना कळवण्यास उशीर झाला, क्षमस्व. अर्ज १६ फेब्रुवारीला दाखल झाला. कंत्राटदार, स्टीव्हडोर कंपनी आणि बंदराची कंपनी असे तिघे सामनेवाले आहेत. मागणी २,८६,२०० रुपये बाकी, प्रवासाचे कापलेले ८,४०० रुपये आणि वर भरपाई अशी आहे. धक्क्यावर त्या काळात अशा सहा टोळ्या होत्या, त्यांतली एक गगनबावड्याकडची निघाली आणि तिचेही पैसे थकले आहेत. त्या टोळीच्या मुकादमाने साक्ष द्यायचे कबूल केले आहे.

नोटीस मिळाल्यावर चारच दिवसांत स्टीव्हडोर कंपनीतून पहिल्यांदा भावाला थेट फोन आला. दीड लाख घ्या आणि अर्ज काढा, असे सांगण्यात आले. टोळीला ओळखत नाही म्हणणाऱ्यांना चौदाही नावे पाठ होती. वकीलसाहेबांच्या सांगण्यावरून, जे काही बोलायचे ते प्राधिकाऱ्यांसमोर आणि लेखी, एवढेच उत्तर दिले.

ट्रॅक्टर १७ जानेवारीलाच परत केला. मुकादम सही करायला दोन दिवस तयार नव्हता. तिसऱ्या दिवशी आला, अर्जावर तेरा जणांच्या खाली अंगठा लावला आणि वही काढून दिली. वहीच्या प्रत्येक पानाची झेरॉक्स काढून घेतली आहे. मूळ वही अर्जाबरोबर जमा केली आणि पावती घेतली. प्लॅस्टिक मात्र त्याने परत मागून घेतले. पुढची तारीख १७ मार्च आहे, आणि वेतनपत्रक व फाटकाची नोंदवही हजर करण्याचा अर्ज त्याच दिवशी ऐकला जाणार आहे.